रिले बोलला नाही

अब्बांचं नाव रशीद, पण दारव्ह्यात त्यांना सगळे हॉर्नवाला मिस्त्रीच म्हणत. गाड्यांची वायरिंग, डायनमो, सेल्फ, दिवे, सगळंच ते करत. लोकांच्या लक्षात राहिले ते हॉर्नमुळे. वणीहून कोळसा भरून निघालेले ट्रकवाले वाट वाकडी करून आमच्या दारात थांबत आणि खाली उतरायच्या आधीच हॉर्न दाबून धरत, की पाहा मिस्त्री, याचा गळा बसला. अब्बा हॉर्नच्या पाठीवरचा स्क्रू उलीसा, म्हणजे जरासाच, फिरवत, कान अगदी जवळ नेत, पुन्हा फिरवत. कुणाला आवाज भारदस्त पाहिजे असे, कुणाला लग्नातल्या बाजासारखा. ज्याला जसा पाहिजे तसा गळा ते बसवून देत. दुपारभर आमच्या घरात एकामागून एक हॉर्न वाजत आणि अम्मी चुलीपुढे बसून ज्वारीची भाकर थापत असे. एखादा भोंगा फारच जवळ वाजला तर तिचा हात क्षणभर थांबे, भाकर मोडत मात्र नसे. पाहुणे आले की दचकून पाण्याचे पेले सांडत. आम्ही हसायचो.

घर दुकानाच्या पाठीमागे होतं. मधल्या दाराला पोती उसवून शिवलेला पडदा होता. तो धुळीसाठी लावला होता, आमच्यासाठी नाही. पण मी दहावी झाले, मग बारावी झाले, आणि कुणी काही न बोलता तो माझ्यासाठीही झाला. पडद्याच्या आतलं काम मात्र माझंच होतं. अब्बा नव्या वायरिंगचे जुडगे आत आणून टाकत, मी नि अम्मी त्यांना काळी टेप गुंडाळायचो. गंजलेले पॉइंट काचकागदानं घासायचो. जळलेल्या वायरीतून चांगली तार सोडवून वेगळी ठेवायचो. सेवयांच्या दिवसांत तर गंमतच असे. खाटेवर पांढऱ्या सेवया वाळत पडलेल्या, खाटेखाली लाल-पिवळ्या वायरी, आणि अम्मीचा एकच ओरडा, की तेलाचे हात सेवयांना लावू नको. माझे दोन्ही भाऊ पुसदला कापडाच्या दुकानात लागले होते. त्यांना मिस्त्रीकामाची किळस होती. मला नव्हती, पण मला कुणी विचारलं नव्हतं.

घरात आम्ही जे बोलायचो त्याला एक नाव नाही. थोडी हिंदी, थोडी उर्दू, आणि गल्लीत खेळून आणलेली वऱ्हाडी. अब्बा नमाजाच्या वेळी एक भाषा बोलत आणि ट्रकवाल्यांशी दुसरी, पण चिडले किंवा खुशीत आले की वऱ्हाडीवरच येत. म्हणून इथं मी सगळ्यांना वऱ्हाडीतच बोलू देते. माझ्या कानात ते तसंच राहिलं आहे.

आणि कान माझे चांगले आहेत, हे मी आजही कुणासमोरही सांगते. पडद्याआड बसून दुसरं करायचं काय? ऐकायचं. चावी फिरवल्यावर सेल्फ, म्हणजे इंजिन सुरू करणारा स्टार्टर, नुसता ‘टक’ करून थांबला तर काय, घरघरून थांबला तर काय, मला बाहेर न जाता कळे. सगळ्यांत बारीक आवाज रिलेचा. रिले म्हणजे काडेपेटीएवढी काळी डबी. हॉर्न, पंखा, मोठे दिवे यांना करंट जास्त लागतो, तो साध्या बटणातून नेला तर बटण जळेल. म्हणून बटण फक्त या डबीला इशारा देतं. डबीतल्या तारेच्या गुंडाळीत करंट गेला की ती लोहचुंबक होते, आतला पॉइंट खेचून चिकटवते आणि मग मोठा करंट पुढं जातो. पॉइंट चिकटताना जो ‘टिक’ होतो, त्याला अब्बा ‘रिले बोलला’ म्हणत. दिवा लावून तपासायचा टेस्टर त्यांच्याकडे होता, पण तो नवशिक्यांचा, असं त्यांचं ठाम मत. आपण कानानं काम करायचं.

त्या उन्हाळ्यात मला कळायला लागलं होतं की अब्बांचे कान उतरले आहेत. आधी वाटलं, कामात असतात. अजान सुरू झाली की ते लगेच उठत. आता ते समोरच्या सायकलवाल्याकडे पाहत आणि तो टोपी घालून निघाला की उठत. कुकरच्या शिट्ट्या झाल्या तरी विचारत, भात लावला का? अम्मीला हे सगळं माझ्याआधी ठाऊक असणार. ती त्यांच्याशी बोलायच्या आधी खांद्याला हात लावू लागली होती, समोर येऊन बोलू लागली होती, आणि लोकांना सांगे, मिस्त्रीचं डोकं कामात गुंतलं की त्यांना जग दिसत नाही. जन्मभर भोंग्याला कान लावून बसलेल्या माणसाचं दुसरं काय होणार? पण हे शब्द आमच्या घरात कुणी उच्चारले नाहीत. हॉर्नवाल्या मिस्त्रीला ऐकू येत नाही हे एकदा बाजारात गेलं की दुकान उठलंच. आम्ही तिघंही हे जाणून होतो, आणि तिघंही गप्प होतो.

अशात वानखडेकाकांची गाडी आली. वानखडेकाका म्हणजे जवळच्या खेड्यातले कास्तकार, कापूस-तुरीची बरी शेती, अब्बांचे जुने दोस्त. त्यांनी एक छोटी पांढरी कार जुनीच विकत घेतली होती. तेव्हा अशा गाड्या आमच्याकडे नव्या होत्या. जीपचा पंखा इंजिनच्या पट्ट्यावर फिरतो, या गाडीचा पंखा विजेवर. इंजिन तापलं की रेडिएटरजवळचा स्विच रिलेला इशारा देणार, रिले पंखा लावणार, पाणी थंड झालं की पंखा आपोआप बंद. वानखडेकाकांचा पंखा मनात येईल तेव्हा लागे आणि मनात येईल तेव्हा रुसे. रुसला की पाणी उकळून बोनेटमधून वाफा. काकूंच्या पोटाचं ऑपरेशन झालं होतं, टाके ओले होते, आणि पट्टी बदलायला त्यांना यवतमाळला न्यावं लागे. एसटीच्या धक्क्यांनी टाके उसवतील म्हणून डॉक्टरनं गाडीनंच आणा म्हणून सांगितलेलं.

पहिल्या वेळी गाडी आली ती थंड होऊन. अब्बांनी तपासलं, पंखा लागला. तरी त्यांनी गरमीचा स्विच नवा घातला. दुसऱ्या वेळी पुन्हा थंड होऊन आली, पुन्हा पंखा लागला. अब्बांनी रेडिएटरपासून रिलेपर्यंतची सगळी वायर नवी ओढली. टेप मीच गुंडाळली होती. गाडी मिस्त्रीसमोर शहाण्या लेकरासारखी वागते हे त्या धंद्यातलं सगळ्यांत मोठं दुखणं. आता माझ्याकडे गाडीला जोडून दोष वाचायचं यंत्र आहे, ते स्क्रीनवर लिहून दाखवतं की अमुक सर्किटमध्ये गडबड आहे. पण गाडी शहाण्यासारखी वागत असली तर तेही बिचारं गप्प बसतं.

तिसऱ्या वेळी मात्र गाडी तापलेली आली. बाजाराचा दिवस होता, ऊन मी म्हणत होतं. गावाबाहेरच ती उकळली, काकांनी कुठल्याशा शेतातून पाणी आणून ओतलं आणि कशीबशी आमच्या दारात आणून उभी केली. काकू उतरल्या त्या पोटाला हात लावूनच. काकू म्हणजे खणखणीत बाई, बोलायला लागल्या की अंगणातली कोंबडी थांबून ऐकेल.

“रशीदभाऊ,” त्या म्हणाल्या, “तुमच्या हातावर भरोसा ठेवून मी टाक्यावाली बाई रस्त्यावर गोट्यावर बसली. उन्हानं डोकं फुटून राह्यलं. आता हे गाडी तुमीच ठेवा, मले बैलगाडी बरी!”

अब्बांनी हसून मान हलवली. “हो हो, होऊन जाईन. बसा तुमी.”

काकू चकित होऊन त्यांच्याकडे पाहतच राहिल्या. वानखडेकाकांनी अब्बांकडे पाहिलं, मग जमिनीकडे. मी पडद्याच्या फटीतून सगळं पाहत होते. अम्मी पुढं झाली, काकूंना धरून आत आणलं, सेवयांची खाट रिकामी करून त्यांना आडवं केलं, हातात कैरीचं पन्हं दिलं. मग पाण्याची घागर माझ्या कडेवर देऊन म्हणाली, “जाय, रेडिएटरले पाणी लागन.” मी डोक्यावरून ओढणी घेतली आणि बाहेर गेले.

वानखडेकाका सांगत होते, “मिस्त्री, तो स्टँडजवळचा नवा गॅरेजवाला म्हणते, पंखा डायरेक्ट करून टाका. चावी लावली का पंखा सुरू. कायले डोकं लावता?”

हे अब्बांना नीट ऐकू आलं, कारण काका ओरडूनच बोलत होते. “डायरेक्ट म्हणजे हात टेकले म्हणायचे,” ते म्हणाले. “म्या आजून टेकले नाही.”

पाणी भरून गाडी सुरू केली. काटा चढत चढत लालीला लागला. पंखा गप्प. अब्बांनी इंजिन बंद करायला सांगितलं, चावी तशीच चालू ठेवली. बाहेर बाजाराचा गलका होता, पण बोनेटच्या आत शांत होतं. पाणी तेवढं खदखदत होतं. अब्बांनी गरमीच्या स्विचच्या दोन वायरी काढून एकमेकींना टेकवल्या. म्हणजे स्विच खराब असो की चांगला, इशारा रिलेपर्यंत जाणारच. पंखा हलला नाही. अब्बांनी मान वाकवून कान लावला, पुन्हा वायरी टेकवल्या.

“रिले तं बोलून राह्यला,” ते म्हणाले. “मोटरच बसली पंख्याची. गरम झाली का धरून ठेवते. नागपूरहून मागवा लागन.”

रिले बोलला नव्हता. मी हातभर अंतरावर उभी होते. टिक नाही, काही नाही. अब्बा खोटं बोलत नव्हते. इतकी वर्षं वायर टेकली की टिक येतो हे ठरलेलं, तेव्हा त्यांच्या डोक्यातच टिक वाजला असणार. वानखडेकाकांनी कपाळाचा घाम पुसला. नागपूरहून मोटर येईपर्यंत काकूंच्या पट्टीचं काय, हे त्यांच्या चेहऱ्यावर लिहिलेलं होतं. मला दोन वाटा दिसत होत्या. गप्प राहिले तर चांगली मोटर निघून दुसरी बसेल, गाडी चौथ्यांदा उकळेल आणि दुकान जाईल. बोलले तर चारचौघांत बापाचे कान जातील. विचार करायला वेळ लागला असेल असं वाचणाऱ्याला वाटेल. नाही लागला. मी घागर खाली ठेवली.

“अब्बा, हात द्या,” मी म्हणाले.

“काहून?”

मी त्यांचा उजवा हात धरला आणि पहिलं बोट पंख्याच्या रिलेवर ठेवलं. डबी चटका बसेल इतकी गरम होती, पण मिस्त्रीचं बोट, ते हललं नाही. दुसऱ्या हातानं मी त्या दोन वायरी टेकवल्या. सोडल्या. पुन्हा टेकवल्या. मग त्यांचं बोट उचलून शेजारच्या डबीवर ठेवलं. तो हॉर्नचा रिले, त्याच मापाचा, त्याच चार पायांचा. आणि काकांना म्हटलं, “काका, हॉर्न दाबा.”

हॉर्न वाजला. बोटाखाली डबी टिचकी मारल्यासारखी उडाली. ते मला अब्बांच्या चेहऱ्यावर दिसलं. “आजून एक खेप,” ते हळूच म्हणाले. काकांनी पुन्हा दाबला. मग अब्बांनी स्वतःच बोट परत पंख्याच्या रिलेवर नेलं आणि मला मानेनं खूण केली. मी वायरी टेकवल्या. ते बोट दाबून उभे राहिले. बराच वेळ. त्या वेळात त्यांना दोन गोष्टी कळल्या, आणि दुसरी गाडीबद्दलची नव्हती. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. राग नव्हता त्या नजरेत. एखाद्या गाडीचा चुकत गेलेला दोष अखेर हाती लागावा, तसं ते पाहत होते.

“नाही बोलत,” ते वानखडेकाकांना म्हणाले, मोठ्या, मोकळ्या आवाजात. “रिले बसला हाय, भाऊ. आन् माहे कानबी. पोट्टीनं दोन्ही दोष एका झटक्यात काढले.”

काका हसावं की नाही या विचारात पडले. आतून, पडद्याआडून काकूंचा आवाज आला, “मंग मघाशी मी गाडी ठेवून घ्या म्हटलं ते आयकलंच नाही का बाप्पा यायनं?” आणि काका हसले, त्यांनी अब्बांना सांगितलं, मग अब्बाही हसले.

पुढचं काम सोपं होतं, आणि ते मी केलं. दोन्ही रिले उपटले, हॉर्नचा रिले पंख्याच्या जागी खोचला, वायरी टेकवल्या. टिक. आणि पंखा असा सुटला की धूळ माझ्या तोंडावर. अब्बांनी जुन्या रिलेचं टोपण पेचकसानं उघडलं, उन्हात धरलं आणि मला दाखवलं. गुंडाळीची तार जिथं पायाला जोडली होती तिथला सोल्डरचा डाग केसाएवढा तडकला होता. थंड असताना चिकटून राही, बोनेट तापलं की फाके. म्हणून गाडी आमच्या दारात येईस्तोवर शहाणी होत होती.

नवा रिले अख्ख्या दारव्ह्यात मिळायचा तर शोधावा लागला असता, आणि काकूंची डॉक्टरची वेळ टळत होती. अब्बांनी ठरवलं, आत्ता गाडी आहे तशीच न्या, हॉर्न नाही एवढंच. मग माझ्याकडे वळून म्हणाले, “तू जाय संगं. कान ठेव. काटा चढला का रिले बोलला पायजे. नाही बोलला तं गाडी थांबव आन् वायर लाव. तुले येते.”

अम्मी दारात आली होती. “पोरगी एकटी यवतमाळले?” तिनं अब्बांच्या अगदी समोर उभं राहून विचारलं.

“मिस्त्री जाऊन राह्यली,” अब्बा म्हणाले. “एकटी कायची?”

बाजाराच्या दिवशी, बिनहॉर्नची गाडी, दारव्ह्याच्या मेन रोडवरून! हॉर्नवाल्या मिस्त्रीच्या दुकानातून निघालेली. रस्त्यावर कांद्याचे ढीग, बकऱ्या, मिरच्यांची पोती, जीपमध्ये माणसं कोंबणारे पोट्टे, आणि कुणी हलायला तयार नाही. काका नुसतेच ब्रेक मारत होते. शेवटी मागच्या सीटवरून काकूंनी काच खाली केली, एका हातानं पोट धरलं आणि डोकं बाहेर काढलं. “सरका रे बाप्पाहो! भोंगा मेला गाडीचा! अवो बकऱ्यावाले, तुमी नाही तं बकऱ्या तरी आयका!” लोक वळून पाहत, हसत, वाट करून देत. गावाच्या वेशीपर्यंत काकूंनी गाडी ओरडून नेली. त्यांचे टाके त्या दिवशी उसवले नाहीत याचं मला अजून नवल वाटतं.

वाटेतलं लाडखेड मागे पडलं आणि काटा चढू लागला. काकांचे हात स्टिअरिंगवर ताठ झाले. मी काच वर केली, श्वास धरला. इंजिनच्या आवाजाखाली, खूप खाली, टिक झालं, आणि पाठोपाठ पंख्याची घरघर. काटा थरथरला आणि उतरायला लागला.

“बोलला?” काकांनी विचारलं.

“बोलला.”

“काय बोलला व?” काकू मागून.

“म्हणते, काकूले आता उन्हात बसवत नाही.”

यवतमाळपर्यंत तो बोलत गेला. दवाखान्यात काकूंना आत नेलं आणि मी गाडीजवळ थांबले. शेजारच्या जीपचा ड्रायव्हर माझ्याकडे आणि माझ्या काळ्या झालेल्या हातांकडे पाहत होता. त्यानं विचारलं, ताई, हे काय करून राह्यल्या? मी म्हटलं, मिस्त्रीकाम. हा शब्द मी स्वतःबद्दल पहिल्यांदा वापरला होता आणि तो तोंडात अगदी नीट बसला. मग मी त्याला सांगितलं की मघाशी तू जीप सरकवलीस तेव्हा ऐकलं, तिचा सेल्फ सुरू करताना दोनदा दात खातो, तो लवकर पाहून घे.

परत आलो तेव्हा अब्बा रस्त्यावर येऊन उभे होते. कुठूनसा नवा रिले त्यांनी मिळवून ठेवला होता. मला न विचारताच त्यांनी बोनेट उघडलं, नवा हॉर्नच्या जागी बसवला, त्यावर बोट ठेवलं आणि मला म्हणाले, “दाब.” मी हॉर्न दाबला. त्यांनी बोट काढलं, कान जवळ नेला, मान हलवली आणि स्क्रूला हात घातला नाही. “गळा कसा हाय, तू सांग.” मी म्हटलं, उलीसा बसका. “मंग तूच कर.” वानखडेकाका-काकू त्या गाडीत पुढं बरीच वर्षं फिरले. लोकांनी नावं ठेवली, मिस्त्रीनं पोरीला गाड्यांखाली घातलं म्हणून. आणि तेच लोक गाडी घेऊन आमच्याच दारात आले. मी त्याच दुकानात बसले, लग्न झाल्यावरही, आजही बसते. अब्बांसाठी मी पुढे कानाची मशीन आणली होती. ती त्यांनी फ्यूजच्या डब्यात ठेवून दिली, बोट बरं म्हणून.

पण मला सांगायची आहे ती त्या दिवशीची संध्याकाळ. उन्हं उतरली होती, अंगणात पाणी शिंपडलं होतं. जेवायला अंबाडीची भाजी, भाकर आणि लसणाची चटणी. अब्बा जेवता जेवता थांबले आणि मला म्हणाले, “नसीम, आजून काय काय बोलते घरात, जे मले आयकू येत नाही?”

मग मी सांगू लागले. मोरीचा नळ टपकतो. पाल चुकचुकते. शेजारच्या सायकलची चेन वाजते. ते माझ्या ओठांकडे पाहत ऐकत होते, एकेका गोष्टीला मान हलवत, जणू हरवलेला माल परत मोजून घेत आहेत. “आन् अम्मी गुणगुणते,” मी म्हटलं. “पहाटे पीठ मळताना.”

अब्बांचा घास हातातच राहिला. “गुणगुणते? आजून?” ते अम्मीकडे वळले. “मले वाटलं, तुनं बंद केलं. लय दिवस झाले. मले वाटलं, माह्यावर नाराज हाय.”

अम्मी तव्यावरची भाकर उलटत होती. तिनं ती शांतपणे उलटली, शेकली, त्यांच्या ताटात टाकली आणि त्यांच्यासमोर येऊन बसली. “बंद कायले करीन?” ती म्हणाली. “पण मले काय माहीत, तुमी आयकत होते म्हणून?”

दुसऱ्या दिवशी पहाटे मी जागी झाले ती आवाजानं. अम्मी पीठ मळत होती आणि गात होती, गुणगुणत नव्हती, चक्क गात होती, आपल्या माहेरचं लग्नातलं गाणं, अख्ख्या गळ्यानं, आणि अब्बा तिच्यापुढं उकिडवे बसून हसत होते. भिंतीपलीकडून शेजारीण ओरडून विचारत होती, “काय व माय, कोनाचं लगन निघालं का तुमच्या घरी?”